'तिरुनंगै' मराठीत आणताना

प्रश्न एका तरुण अनुवादिकेचा आहे. तिला एका तमिळ बाईंची लांबलचक मुलाखत मराठीत आणायची आहे. त्या बाई स्वतःला पहिल्या वाक्यापासून 'तिरुनंगै' म्हणवतात, म्हणजे ट्रान्स स्त्री: जन्मतः मुलगा ठरवलेली, पण स्वतः स्त्री असलेली. कोणी सुचवतं 'तृतीयपंथी' लिही, कोणी म्हणतं 'किन्नर' जास्त सभ्य वाटतो, कोणी सांगतं की तमिळमधला खरा शब्द 'अरवाणी'. शिवाय मराठी बातम्यांत कुठे 'थिरुनंगाई' दिसतं, कुठे 'तिरुनंगी'. यातलं बरोबर काय, आणि मुलाखतीत काय ठेवायचं?

मी गेली 22 वर्षं चेन्नैत राहून तमिळ-मराठी अनुवाद आणि दुभाषाचं काम करते. कोर्टाचे कागद, दवाखान्यांची माहितीपत्रकं, मुलाखती, सगळंच. या एका शब्दावर मी स्वतः चुकले आहे, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

आधी थेट उत्तर. शब्द 'तिरुनंगै' असाच ठेवा. पहिल्यांदा येईल तिथे एका वाक्यात त्याचा अर्थ उलगडा आणि पुढे बिनधास्त वापरा. क्रियापदं, विशेषणं, सर्वनामं सगळी स्त्रीलिंगी. 'तृतीयपंथी' हा शब्द त्या बाईंच्या तोंडी घालू नका.

आता उच्चार. तमिळमध्ये 'त' आणि 'थ' वेगळे नाहीत. तिकडची माणसं रोमन लिपीत लिहिताना दंत्य 'त' दाखवायला एक जादा अक्षर घालतात आणि आपण ते वाचून 'थ' करून टाकतो. जी अक्षरं तिरुपतीत आहेत, तिरुवळ्ळुवरांच्या नावात आहेत, तीच इथे आहेत. आपण 'थिरुपती' म्हणत नाही, मग 'थिरुनंगाई' का? शेवटचा स्वर 'ऐ', मदुरै आणि चेन्नैमधला. 'तिरुनंगी' हे रूप कुठून आलं तेही सांगता येतं. 15 एप्रिल 2014 च्या सर्वोच्च न्यायालयाच्या, ट्रान्सजेंडर व्यक्तींच्या हक्कांवरच्या गाजलेल्या नाल्सा निकालात या शब्दाचं रोमन स्पेलिंग 'नंगी' असं वाचलं जाईल असं छापलं गेलं आणि निकालावरून लिहिणाऱ्यांनी ते तसंच उचललं. मराठीत तर हे रूप कटाक्षानं टाळायला हवं. आपल्या कानाला 'नंगी' म्हटलं की काय ऐकू येतं ते सांगायला नको. 'नंगै'चा आपल्या 'नंगा'शी काडीचाही संबंध नाही, आणि तुमच्या वाचकाच्या मनात ती शंका क्षणभरही येऊ नये यासाठी पहिल्या उल्लेखातच अर्थ द्यायचा.

अर्थ असा. 'नंगै' म्हणजे मानाची, थोर, गुणवती स्त्री. नुसती 'बाई' नव्हे. 'बाईसाहेब'मध्ये जो आदर आहे तो यात आहे, पण दरबारी थाट नाही. शब्द खूप जुना आहे. मार्गळी महिन्यात, म्हणजे साधारण आपल्या मार्गशीर्षाच्या सुमारास, तमिळनाडूत पहाटे संत कवयित्री आंडाळची तिरुप्पावै ही गीतमाला म्हटली जाते. त्यात अजून झोपलेल्या मैत्रिणीला उठवताना तिला 'नंगाय' अशी हाक आहे, ती याच शब्दाची. आणि 'तिरु' म्हणजे आपला 'श्री': पावित्र्य, ऐश्वर्य, शोभा, आदर, सगळं एकत्र. लग्नाला तमिळमध्ये 'तिरुमणम' म्हणतात, उत्सवाला 'तिरुविळा'. दोन्हींतला 'तिरु' तोच.

इथे एक गैरसमज मुळातूनच काढायला हवा, कारण तो तमिळ माणसंही पसरवतात. पुरुषाच्या नावाआधी 'तिरु' लावतात, आपल्या 'श्री.' सारखा. त्यावरून काही जण फोड करतात: तिरु म्हणजे पुरुष, नंगै म्हणजे स्त्री, अर्धा हा अर्धी ती, म्हणून तिरुनंगै. ऐकायला चटपटीत, पण चूक. समासात 'तिरु' विशेषणासारखा येतो आणि तो पुढच्या शब्दाला मान देतो, लिंग देत नाही. 'श्रीफळ' म्हणजे अर्धा पुरुष अर्धं फळ होत नाही, तसंच हे. तिरुनंगै या शब्दात पुरुष कुठेही नाही. हे मी आग्रहानं सांगते, कारण शब्द रुजवणाऱ्यांचा सगळा जीव याच गोष्टीत होता. आधीचे जवळजवळ सगळे शब्द 'काहीतरी कमी असलेला पुरुष' असं म्हणत होते. हा पहिल्यांदा 'स्त्री' म्हणाला, आणि मानानं म्हणाला.

आधीचे शब्द कोणते? मुलाखतीत ते येणारच, त्यामुळे ओळख असलेली बरी.

'पेडि' सर्वांत जुन्यांपैकी. तिरुक्कुरळ या तिरुवळ्ळुवरांच्या प्राचीन नीतिग्रंथात विद्वानांच्या सभेला घाबरणाऱ्याच्या विद्येची तुलना रणात पेडिच्या हातातल्या लखलखत्या तलवारीशी केली आहे. म्हणजे तेव्हापासूनच 'भित्रा' हा अर्थ त्याला चिकटलेला होता. पण त्याच परंपरेत पेडि हे एका नृत्यप्रकाराचंही नाव आहे, आणि त्याचा नर्तक म्हणजे खुद्द कामदेव. 'अलि' हा दुसरा. इथे लहान सूचना: मराठीत 'अली' लिहिलंत तर वाचकाला मुसलमानी नाव वाटेल, म्हणून ऱ्हस्वच ठेवा. हा शब्द एके काळी व्याकरणात, वैद्यकात, ज्योतिषात सरसकट वापरला जाई. आज तो तोंडावर म्हणणं म्हणजे अपमान. 'पोट्टै' हा त्याहून रांगडा, भेकड पुरुषालाही लावतात. आणि रस्त्यावरचा सगळ्यांत बोचरा शब्द म्हणजे 'ओन्बदु', म्हणजे नऊ. शाळेच्या वर्गात, बसमध्ये, चहाच्या टपरीवर कोणी नुसतं 'ओन्बदु' म्हटलं की ते कोणासाठी आहे हे सगळ्यांना कळतं. आपल्याकडे सहाच्या आकड्यावरून तसलाच एक शब्द आहे, तो तुम्हाला माहीत आहे.

तर मुलाखतीत त्या बाई सांगत असतील की आठवीत मुलं मला 'ओन्बदु' म्हणून चिडवायची, तर तिथे सभ्य शब्द घालायचा नाही. 'मुलं मला ओन्बदु म्हणायची, म्हणजे नऊ' असं लिहून पुढच्या वाक्यात आपला 'छक्का' आणला तरी चालेल, वाचकाला डंख लागला पाहिजे. संपादक कधी कधी शिव्या गाळा म्हणतात. गाळल्या की मग 'तिरुनंगै' हा शब्द त्यांना एवढा का प्यारा आहे, हेच कळत नाही.

'अरवाणी'चं प्रकरण वेगळं. तो शिवी नाही. अपमानकारक शब्दांना पर्याय म्हणून तो विसाव्या शतकाच्या अखेरीस पुढे आला आणि बरीच वर्षं सन्मानाचा मानला गेला. तो आला अरवानवरून. अरवान म्हणजे आपल्या महाभारतातला इरावान, अर्जुन आणि नागकन्या उलूपी यांचा मुलगा. तमिळ कथेत युद्धाआधी पांडवांच्या विजयासाठी कालीपुढे त्याचा बळी द्यायचा ठरतं. मरण्याआधी आपलं लग्न व्हावं अशी त्याची इच्छा असते. दुसऱ्या दिवशी विधवा होणार हे माहीत असताना मुलगी कोण देणार? मग कृष्ण मोहिनीचं रूप घेऊन त्याच्याशी लग्न करतो, आणि तो गेल्यावर त्याच्यासाठी रडतो. आजच्या कळ्ळकुरिची जिल्ह्यातल्या कूवागम गावात कूत्ताण्डवर मंदिर आहे, कूत्ताण्डवर म्हणजे हाच अरवान. चैत्र पौर्णिमेच्या सुमारास तिथे देशभरातून तिरुनंगै जमतात. पुजाऱ्याच्या हातून ताली, म्हणजे तिकडचं मंगळसूत्र, बांधून घेतात. रात्रभर नाच, गाणी, फुलं. दुसऱ्या दिवशी अरवानचा रथ निघतो आणि मग बांगड्या फोडल्या जातात, ताली तोडली जाते, पांढरी साडी नेसली जाते. कथा देवाची असली तरी ते रडणं खोटं नसतं. जवळचं कोणी गेलं तेव्हा ज्यांना घरात घेतलं नाही, त्या माणसांचंही रडणं त्यात मिसळलेलं असतं.

मग हा शब्द मागे का पडला? कारण सगळ्या तिरुनंगै काही अरवानच्या भक्त नाहीत. ख्रिस्ती आहेत, मुस्लिम आहेत, कोणताच देव न मानणाऱ्या द्रविड चळवळीतल्या आहेत. शिवाय एका रात्रीची नवरी आणि जन्माची विधवा, ही ओळख अनेकींना नकोशी वाटली. शिकलेल्या, नोकरी मागणाऱ्या, कोर्टात जाणाऱ्या पिढीला साधा, मानाचा, कोणत्याही देवळाशी न बांधलेला शब्द हवा होता.

तो सरकारी वापरात रुजला मुख्यमंत्री करुणानिधींच्या 2006 ते 2011 च्या कारकिर्दीत. शब्दाचं श्रेय सर्वसाधारणपणे त्यांनाच दिलं जातं. मूळच्या मदुरैच्या भरतनाट्यम नर्तकी नर्तकी नटराज यांचंही नाव या संदर्भात आदरानं घेतलं जातं. 2019 चा पद्मश्री मिळालेल्या त्याच, हा सन्मान मिळालेल्या पहिल्या ट्रान्स स्त्री. गंमत बघा: 15 एप्रिल 2008 ला तमिळनाडूनं देशातलं अशा प्रकारचं पहिलं कल्याण मंडळ स्थापन केलं, ते 'अरवाणी' नावानंच. पुढे मंडळाच्या तमिळ नावातही तिरुनंगै आला. 2011 पासून तिकडे 15 एप्रिल हा तिरुनंगैंचा दिवस म्हणून पाळतात. कायद्याच्या भाषेला मात्र वेळ लागतो. 2019 साली संसदेनं ट्रान्सजेंडर व्यक्तींच्या हक्कांसाठी केलेल्या कायद्याच्या व्याख्येत किन्नर, हिजडा, अरवाणी आणि जोगता ही चार नावं होती. तिरुनंगै नव्हतं. तुमच्या हाती कायद्याचा मजकूर आला तर तिथे 'अरवाणी' तसाच ठेवावा लागेल, बदलण्याचा आपल्याला अधिकार नाही. मुलाखतीत मात्र बोलणारी जे म्हणेल तेच.

आता 'तृतीयपंथी'. मी चुकले ते इथेच. सुरुवातीच्या वर्षांत मुंबईतल्या एका आरोग्यविषयक बैठकीत तमिळ पाहुणीसाठी दुभाषी होते. त्या बोलल्या 'तिरुनंगै', मी सवयीनं 'तृतीयपंथी' म्हटलं. दोन-तीन वाक्यं त्यांनी ऐकून घेतलं. त्यांनी तरुणपणी धारावीत काही वर्षं काढली होती, मराठी बोलता येत नसलं तरी कानाला ओळखीचं होतं. माझ्या हातावर हात ठेवून मुंबईच्या हिंदीत म्हणाल्या, "तृतीय मतलब तीसरा ना? मेरे को गिनती में मत डाल. मैं औरत है." सभागृहात माईक चालू होता. मी तिथल्या तिथे माफी मागितली आणि उरलेला तास 'तिरुनंगै' म्हटलं. कोणाचंही काही अडलं नाही.

'तृतीयपंथी' हा वाईट शब्द आहे असं माझं म्हणणं नाही. महाराष्ट्रात तो सरकारी आहे, अनेक जणी तो स्वतःसाठी अभिमानानं वापरतात, आणि त्यांच्यासाठी तोच लिहायचा. पण तो मोजतो: पहिला, दुसरा, मग हा तिसरा. तिरुनंगै मोजत नाही. तमिळमध्येही 'तिसरं लिंग' या अर्थाचा शब्द आहे, 'मून्ड्राम पालिनत्तवर'. मध्यंतरी सरकारी कागदांत तो तिरुनंगैच्या जागी आणायचा प्रयत्न झाला तेव्हा समुदायातूनच कडाडून विरोध झाला. ज्या शब्दाला त्यांनी तमिळमध्ये नकार दिला तो आपण मराठीत त्यांच्या तोंडी कसा घालायचा?

'किन्नर'चं म्हणाल तर तो उत्तरेकडचा. हिमालयातल्या पुराणकथांचा वास त्याला आहे, कूवागमच्या धुळीशी त्याचं नातं नाही. 'हिजडा' हा शब्द मात्र सरसकट टाळू नका. तो एका परंपरेचं, घराण्यांचं, गुरु-चेल्यांच्या नात्याचं नाव आहे. तमिळनाडूतल्या अनेक तिरुनंगै त्या परंपरेत आहेत, अनेक नाहीत. पोलीस उपनिरीक्षक झालेल्या पृथिका याशिनी तिरुनंगै आहेत. भरतीसाठी त्यांना मद्रास उच्च न्यायालयात जावं लागलं, 2015 मध्ये निकाल त्यांच्या बाजूनं लागला. तिरुनंगै ही ओळख आहे, हिजडा ही जमात आहे. दोन्ही एकाच व्यक्तीत असू शकतात, पण एकाच्या जागी दुसरा ठेवता येत नाही.

त्या बाई जमातीतल्या असतील तर मुलाखतीत तुम्हाला एक सुंदर गोष्ट सापडेल. मोठ्यांना भेटल्यावर त्या 'पाम्पडुत्ती' म्हणतात आणि समोरून 'जियो' असा आशीर्वाद येतो. 'पाम्पडुत्ती' कोणत्याही तमिळ शब्दकोशातून उलगडत नाही, कारण तो तमिळ नाहीच. तो 'पाँव पडती' आहे, तमिळ जिभेवर घोळून गोल झालेला. आपलंच 'पाया पडते'. मुंबई आणि दक्षिण यांच्यात या स्त्रियांनी पिढ्यान्पिढ्या जी ये-जा केली तिची ती खूण आहे. कृपा करून त्याचं 'नमस्कार' करू नका. 'पाम्पडुत्ती' लिहा, एकदा सांगा की हे आपलं 'पाया पडते', वाचक हरखून जाईल.

आता सर्वांत नाजूक भाग, क्रियापदांचा. तमिळमध्ये तो म्हणजे 'अवन', ती म्हणजे 'अवळ', आणि आदरानं बोलताना 'अवर'. या 'अवर'ला लिंग नाही. 'अवर वंदार' म्हणजे 'ते आले' किंवा 'त्या आल्या', दोन्ही. मराठीत आदर दाखवतानाही लिंग सुटत नाही, त्यामुळे तमिळनं जे उघडं ठेवलं ते आपल्याला ठरवावंच लागतं. तिरुनंगै असेल तर 'त्या आल्या'. डोळे झाकून. जन्माच्या वेळच्या नावानं आई हाक मारते तो प्रसंग सांगताना आईच्या तोंडी 'तो' ठेवा, पण निवेदन 'ती'च. आणि मूळ तमिळमध्ये 'अदु वंददु' दिसलं तर थांबा. ते 'ते आलं' आहे, वस्तूसाठीचं, जनावरासाठीचं. शेजारीण तसं म्हणते तेव्हा तिचं सगळं विष त्या नपुंसकलिंगात असतं, आणि नशिबानं मराठीत ते जसंच्या तसं येतं: 'आलं बघ ते.' तिथे 'ती आली' लिहिलंत तर आख्खा प्रसंग मेला.

याला व्याकरणाचाही आधार आहे, आणि तो मला फार प्रिय आहे. तोल्काप्पियम या प्राचीन तमिळ व्याकरणात पुरुषपण ज्यांच्यात बदललं आहे अशा माणसांचा उल्लेख येतो, आणि तो येतो 'उयर्दिणै'त, म्हणजे माणसांच्या वर्गात. पुढे साधारण तेराव्या शतकातल्या नन्नूल या व्याकरणात त्याचे कर्ते पवणन्दि मुनिवर अधिक स्पष्ट सांगतात: पुरुषपण सोडून स्त्रीपणाची ओढ घेणाऱ्यांना स्त्रीलिंगी रूप, स्त्रीपण सोडून पुरुषपणाची ओढ घेणाऱ्यांना पुल्लिंगी. नपुंसकलिंगी रूपाचीही मुभा ते ठेवतात, हे लपवायला नको. पण कसोटी पाहा: शरीर नव्हे, ओढ. आठेकशे वर्षांपूर्वी एक वैयाकरण हे लिहून गेला. संपादकानं 'नक्की ती लिहायचं का?' असं विचारलं की मी पवणन्दींचं नाव सांगते.

कायदाही हळूहळू तिथे आला. एप्रिल 2019 मध्ये मद्रास उच्च न्यायालयाच्या मदुरै खंडपीठानं एका पुरुषाचं आणि तिरुनंगैचं देवळात झालेलं लग्न नोंदवून घ्यायला सांगितलं, आणि 1955 च्या हिंदू विवाह कायद्यातल्या 'वधू' या शब्दात ट्रान्स स्त्री येते असं म्हटलं. एका शब्दाच्या अर्थावर कोणाचं तरी लग्न उभं होतं.

जवळचे दोन-तीन शब्द पटकन. ट्रान्स पुरुषासाठी 'तिरुनंबी'. 'नंबी' हा 'नंगै'चा पुरुषी जोड, थोर पुरुष. दोघांना आणि इतरांनाही सामावणारा 'तिरुनर'. 2022 मध्ये मद्रास उच्च न्यायालयाच्या पाठपुराव्यामुळे तमिळनाडू सरकारनं अशा शब्दांची सूची राजपत्रात काढली, वृत्तपत्रांसाठीही ती उपयोगी आहे. जन्मतः शरीराची लैंगिक रचना वेगळी असलेल्यांना 'ऊडुपाल' म्हणतात. त्यांच्यासाठी तिरुनंगै वापरणं चूक, आणि उलटही. जुन्या 'अलि'त हे सगळे एकाच पोत्यात भरले जात, म्हणून जुना मजकूर वाचताना नेमकं कोणाबद्दल आहे ते संदर्भावरून ठरवा.

शेवटी रूपं, कारण टंकायला बसल्यावर पहिली अडचण तीच येते. शब्द चेन्नै, मदुरैसारखा चालवा: तिरुनंगैला, तिरुनंगैनं, तिरुनंगैची. अनेकवचनात मूळ रूप तेच, विभक्तीत अनुस्वार: तिरुनंगै जमल्या, तिरुनंगैंना, तिरुनंगैंचा. तमिळ अनेकवचनी 'तिरुनंगैगळ' मराठीत आणू नका, वाचक अडखळतो. तिरक्या अक्षरात टाकू नका, अवतरणातही ठेवू नका, पहिला उल्लेख सोडून. तो पहिला उल्लेख मी सध्या असा करते: 'मी तिरुनंगै आहे. आमच्या तमिळमध्ये नंगै म्हणजे मानाची बाई, आणि तिरु म्हणजे तुमचा श्री.' मुलाखत देणाऱ्या बाईंना हे वाक्य फोनवर तमिळमध्ये वाचून दाखवा आणि त्यांच्या तोंडी चालेल का ते विचारा. कदाचित त्या एखादा शब्द बदलतील. मग तो बदललेलाच छापा.